एतेल्काच्या मयताचं जेवण

रेतहाझा गावात एखादा माणूस कसा जगला, हे त्याच्या मयताच्या जेवणावरून ठरतं. निदान एतेल्का चोर्दाश तसंच ठरवायची. पाद्रीबाबा किती चांगलं बोलले, माणसं किती जमली, सुनेनं रडण्याचं नाटक किती झकास वठवलं, याच्याशी तिला काही कर्तव्य नसायचं. ती कबरीत मूठभर माती टाकायची, हात झटकायची, आणि मयताच्या घरी जाऊन रश्शात पावाचा तुकडा बुडवायची. मग निकाल लागायचा. "मास्तर माणूस सोन्यासारखा. पण पाणचट रश्शात गेला बिचारा." किंवा, "मेला जन्मभर दुसऱ्याच्या शेतात आपलं कुंपण सरकवत होता, पण बायकोनं रस्सा असा केला की देवानंही माफ केलं असेल."

हा अधिकार तिला कुणी दिला, असं कुणी विचारलं नाही. विचारायची सोयच नव्हती. गावातले पुरुष अंगणात तीन काठ्यांच्या तिकाटण्यावर कढई टांगतात, बिअर पीत पीत रस्सा करतात आणि त्याचा आठवडाभर गाजावाजा करतात. एतेल्का त्याला रस्साच मानायची नाही. "त्यांचं निम्मं लक्ष कढईत, निम्मं बाटलीत," असं ती म्हणायची. रस्सा करावा तो घरात, चुलीवर, जाड बुडाच्या लोखंडी भांड्यात, आणि कुणी मध्ये मध्ये बोलायला येणार नाही अशा वेळी.

आमच्याकडे या रश्शाला प्योर्कोल्त म्हणतात. परदेशी लोक त्याला गुलाश म्हणतात, म्हणोत बापडे. कृती विचाराल तर इथलं शेंबडं पोरही सांगेल. डुकराची चरबी वितळवायची, त्यात मांसाच्या निम्मा कांदा, अगदी बारीक चिरलेला, मऊ पारदर्शक होईपर्यंत मंद आचेवर परतायचा. मग भांडं खाली उतरवायचं. उतरवायचंच! आचेवर असताना लाल मिरचीची पूड घातली की ती करपते, कडू होते, आणि मग वरून सोनं घातलंत तरी उपयोग नाही. भांडं खाली, त्यात मिरची, लगोलग गाईच्या पोटरीचं मांस, मीठ, शहाजिरे, आणि पुन्हा आचेवर. मांस आपल्याच पाण्यात शिजतं, पाणी आटतं, चरबी सुटते, चरचर आवाज येतो, की वाटीभर पाणी. पुन्हा आटवा, पुन्हा वाटीभर. यात दुपार जाते. ज्याला घाई असेल त्यानं अंडी उकडून खावीत.

इथपर्यंत गावात दुमत नाही. भांडण आहे ते पुढच्या एका चमच्यावरून. रस्सा दाट कशानं होतो? एतेल्का म्हणायची, कांद्यानं. कांदा विरघळला की रस्सा आपोआप दाटतो, आणि दाटला नाही तर कांदा कमी पडला, पुढल्या वेळी अक्कल वापरा. तिची धाकटी जाऊ गिझेला म्हणायची, चमचाभर पीठ भुरभुरलं की काम झालं. बस्स, एवढंच. एवढ्यावरून या दोघी जावा, कुंपणाला कुंपण लागून राहणाऱ्या, पहिल्या घासानंतर जन्मभर एकमेकींच्या हातचा रस्सा जेवल्या नाहीत.

गिझेला नदीपलीकडून आलेली. तिसा नदीच्या त्या तीरावर घालत असतील पीठ, त्यांचं त्यांना ठाऊक. लग्नानंतरच्या पहिल्याच रविवारी तिनं सासूसासऱ्यांच्या देखत रश्शात पीठ भुरभुरलं. एतेल्कानं एक घास घेतला, चमचा खाली ठेवला आणि अख्ख्या टेबलाला ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, "ही खळ खायची आहे, की भिंतीला कागद डकवायचेत?"

नवी नवरी रडेल असं सगळ्यांना वाटलं. ती कसली रडते! ती म्हणाली, "जाऊबाई, लग्नाच्या जेवणात तुमच्या रश्शात मांस पोहत होतं. बुडून मरेल म्हणून मी जरा आधार दिला."

सासरा खदखदून हसला. कुणाच्या बोलण्याला हसला, हे त्यानं मरेपर्यंत सांगितलं नाही. शहाणा माणूस होता.

तेव्हापासून जे सुरू झालं ते सुरूच राहिलं. बाकी सगळं दोघींचं एकत्र होतं. डुक्कर कापायचं तर दोघी मिळून, जर्दाळूचा मुरंबा दोघी मिळून. एतेल्काच्या पोराला, लोरांतला, गोवर आला तेव्हा गिझेला, म्हणजे सगळ्यांची गिझी, रात्ररात्र त्याच्या उशाशी बसली, कारण तिला स्वतःचं मूल नव्हतं आणि एतेल्काला झोप आवरत नव्हती. पण रस्सा शिजला की कुंपण आडवं यायचं. एकीच्या खिडकीतून वास सुटला की दुसरी हाक मारायची. "काय गं गिझे, आज भिंतीला कागद लावायला काढलेत वाटतं?" "नाही हो जाऊबाई, तुमच्याकडे पूर आलाय का ते बघत होते."

असं म्हणतात की जावांचं भांडण चुलीत जन्मतं आणि राखेतच जातं. या दोघींच्या बाबतीत राखेपर्यंत पोचल्यावरही ते संपणार नव्हतं, कारण गावाची रीत. आमच्या गावात मयताचं जेवण घरच्या दुःखी माणसानं रांधायचं नसतं. बायको, मुलगी, मुलगा, सून यांनी फक्त रडायचं. रांधायचं ते सासरच्या घरातल्या सगळ्यात जवळच्या दुसऱ्या बाईनं. जाऊ असेल तर जावेनं. आणि जेवणात काय? पोटरीच्या मांसाचा रस्सा. दुसरं काही केलंत तर माणूस नीट पुरला नाही असं समजतात.

एतेल्काचा नवरा वेंडेल गेला तेव्हा रीतीप्रमाणे गिझीनं रांधलं. पीठ घालून. एतेल्का काळा रुमाल बांधून टेबलाच्या टोकाला बसली होती. बोलायची चोरी, कारण त्या दिवशी कुणी अन्नाला नावं ठेवत नाही. ती नुसता पाव आणि आंबवलेली काकडी चघळत राहिली. "किती धक्का बसलाय बाईला, घास उतरत नाही," असं लोक हळहळले. घास उतरत नव्हता हे खरंच होतं. "माझा वेंडेल खळीत गेला," हे ती पुढे कितीतरी वर्षं म्हणत होती. मग गिझीचा नवरा अँब्रुश गेला, तेव्हा एतेल्कानं रांधलं, आणि काकडी चघळायची पाळी गिझीची आली. फिटंफाट झाली असं आपण म्हणू. पण एतेल्काच्या डोक्यात एक किडा शिरला तो शिरलाच. आता आपली पाळी.

आपण पेटीत हात जुळवून पडलेलो. कान झाकलेले, तोंड बंद. आणि बाहेर अंगणात सगळं गाव खळ चाटतंय, आणि वर म्हणतंय, एतेल्का चोर्दाश! केवढी तिची जीभ, केवढी तिची ऐट, आणि शेवटी काय, पिठाच्या रश्शातच गेली! उठून दोन शब्द सुनवायचीसुद्धा सोय नाही. मरणाची भीती तिला नव्हती. भीती होती ती या जेवणाची, आणि ही भीती थट्टेची नव्हती. खरोखर तिची झोप उडायची.

मुलावर भिस्त ठेवावी, तर लोरांत तिकडे ऑस्ट्रियात, ग्राट्सला ट्रक चालवतो. त्याची बायको भाज्या वाफवते. तर मग एतेल्कानं काय केलं? तिनं स्वतःच्या मयताचं जेवण स्वतःच रांधून डीप फ्रीझरमध्ये ठेवलं.

हसू नका. तिनं ते अगदी विचार करून केलं होतं. शरदात, नवी मिरची वाळून दळून आली की, पोटरीचं चांगलं मांस आणायचं, दोन दिवस चुलीपासून हलायचं नाही, आणि तीस माणसांना पुरेल इतका रस्सा आइस्क्रीमच्या रिकाम्या डब्यांत भरून फ्रीझरच्या तळाला रचायचा. वर मटार, वर वांग्याचा गर, वर कोंबड्या, म्हणजे उगाच कुणाचा हात तिथवर जायला नको. पण मांस काही अमर नाही. वर्षभरात आपण मेलो नाही तर ते बदलायला हवं. मग दर वर्षी सर्व संतांच्या दिवशी, लोरांत बायकोला घेऊन बापाच्या कबरीवर शेवंती ठेवायला आला की, एतेल्का आदल्या वर्षीचे डबे वितळवायची आणि त्यालाच वाढायची.

"आई, तुझ्या हातचं ते तुझ्या हातचं!" लोरांत ताटली पावानं पुसून लखलखीत करायचा. "ग्राट्समध्ये असलं स्वप्नातही मिळत नाही."

"खा रे बाबा, खा," एतेल्का म्हणायची. मनात म्हणायची, माझ्याच मयताचं आहे, मी समोर बसलेय तोवर खाऊन घे. आणि तिला फार बरं वाटायचं. स्वतःच्या मयताच्या जेवणाची तारीफ स्वतःच्या कानांनी ऐकायचं भाग्य कितीजणांना मिळतं?

आता हे कुणाला तरी सांगून ठेवायलाच हवं होतं, नाही तर मेल्यावर मटारखाली हात घालणार कोण? तिनं सांगितलं बोरिश्काला. बोरिश्का समोरच्या घरात राहणारी, शाळेच्या स्वयंपाकघरात काम करणारी पन्नाशीची बाई. दोन्ही म्हाताऱ्यांची औषधं आणणं, वीजबिल भरणं हे तीच बघायची.

"मंद आचेवर ठेव," एतेल्का तिला बजावत होती. "हलवत बसू नकोस, मांस तुटतं. आणि पाणी घातलंस तर याद राख, पेटीतून उठून येईन."

"बाई गं! मावशी, असलं अभद्र काय बोलता!" बोरिश्कानं छातीवर क्रूस काढला, आणि संध्याकाळ व्हायच्या आत ही बातमी कुंपण ओलांडून गेली. बोरिश्काला गुपित सांगायचं आणि चर्चची घंटा वाजवायची, दोन्हींत फरक असा की घंटा रविवारीच वाजते.

गिझी दुसऱ्या दिवशी सकाळी कुंपणाशी आली. हातात कोंबडी होती, पाय धरून उलटी लटकवलेली.

"ऐकलं मी, जाऊबाई. माझ्या हातचं नको म्हणून मयताचं रांधून ठेवलंत म्हणे?"

"ठेवलं."

"इतका अविश्वास?"

"छे गं! पूर्ण विश्वास आहे तुझ्यावर. तू पीठ घालणार याचा पूर्ण विश्वास आहे."

कोंबडीनं पंख फडफडवले. गिझीनं तिला सरळ केलं. "जेवणात शेजारी पिठाच्या उकडलेल्या गोळ्या खाता त्या चालतात. तेच पीठ रश्शात गेलं की बाटतं होय?"

"गोळ्या गोळ्यांच्या जागी, रस्सा रश्शाच्या. तू टोपी पायात घालतेस का?"

"आणि मी आधी गेले तर?"

"तू कशाला आधी जातेस? धाकटी आहेस. माणसानं रांगेनं जावं."

"पण गेलेच तर?"

"तर मी रांधीन. निदान शेवटी एकदा तरी तुझ्या घरात माणसाचं अन्न शिजेल!"

बोलून झाल्यावर एतेल्का वाट बघत राहिली. गिझीचं उत्तर तयारच असायचं. कधी कधी तर एतेल्काचं वाक्य संपायच्या आत यायचं. या वेळी आलं नाही. गिझी एवढंच म्हणाली, "बरं." आणि कोंबडी काखेत घेऊन आत गेली. एतेल्काला ते काही आवडलं नाही. जिंकल्यासारखं वाटायला हवं होतं, तसं वाटलं नाही.

गिझी गेली ती ऑगस्टात. वेलावरच्या घेवड्याच्या शेंगा तोडता तोडता दम लागला म्हणून वाफ्याच्या कडेला बसली, ती बसलीच. बोरिश्कानं आरडाओरडा केला तेव्हा एतेल्का कुंपणाचं फाटक उघडायला न थांबता तुटक्या फळीतून आत शिरली. या वयात. आणि गिझीसमोर उभी राहून चक्क ओरडायला लागली. "ऊठ! ऊठ गं! हे काय चालवलंयस तू? कुणी सांगितलं होतं तुला उन्हात शेंगा तोडायला? मी होते ना! मी आहे ना अजून!" तिला राग आला होता. दुःख मागाहून आलं. आधी राग आला, धाकटीनं रांग मोडल्याचा. मग ती वाफ्यातच तिच्या शेजारी फतकल मारून बसली आणि डॉक्टर येईपर्यंत तिच्या मांडीवरच्या शेंगा एकेक करून टोपलीत टाकत राहिली.

मग घरात आरशावर चादर टाकणं आलं, पाद्रीबाबांकडे जाणं आलं, ग्राट्सला फोन करणं आलं. आणि जेवण आलं. गिझीच्या सासरची दुसरी बाई म्हणजे एतेल्काच.

"एक बरं झालं, मावशी," बोरिश्का डोळे पुसत म्हणाली. "तुमचं तयार आहे. तीस माणसांचं. वितळवलं की झालं. या उकाड्यात चुलीशी उभं राहायला नको."

एतेल्कालाही ते पटलं. खोटं कशाला बोला, ती मनातून थोडी सुखावलीसुद्धा. इतक्या वर्षांच्या भांडणाचा निकाल आता लागणार होता, आणि तोही गिझीच्याच अंगणात, गिझीच्याच ताटल्यांत, सगळ्या गावासमोर. तिनं मटार बाजूला केले, वांगी काढली, कोंबड्या काढल्या, आणि तळाचे डबे एकेक करून टेबलावर मांडले. खरा रस्सा. कांद्याचा. त्यांच्यावरचा बर्फ हातानं पुसून ती ताटल्या मोजायला गिझीच्या घरी गेली.

गिझीचं स्वयंपाकघर. ती तिथं हजारदा गेली होती, मुरंब्याला, सॉसेजला, कॉफीला. चुलीशेजारच्या फळीवर पिठाचा लहानसा डबा होता, वर्षानुवर्षं तिथंच असायचा, हाताशी. झाकण नीट बसत नसे म्हणून गिझी त्यावर बशी पालथी घालायची. बाहेरच्या खोलीत बायका तिला काळा रेशमी पोशाख घालत होत्या. कुणीतरी म्हणालं, "उद्या एतेल्काचा रस्सा आहे बरं का, तिचा तो खास." आणि दुसरी हसली, "अगं गिझी उठून बसेल की!"

एतेल्कानं हातातल्या ताटल्या खाली ठेवल्या. गिझी पेटीत हात जुळवून पडलेली. तोंड बंद. बाहेर सगळं गाव दुसरीचा रस्सा चाटतंय आणि म्हणतंय, शेवटी काय, एतेल्कानंच बाजी मारली! जी भीती एतेल्का डीप फ्रीझरमध्ये रचून ठेवत होती, तीच गिझीच्या वाट्याला त्या सकाळी कुंपणाशी आली होती, आणि तिच्याकडे तर फ्रीझरही नव्हता. ती फक्त "बरं" म्हणाली होती. एतेल्काला स्वतःची भयंकर लाज वाटली. आपण कुणालाही कधी लाजत नाही, असा तिचा समज होता. तो त्या ताटल्यांपाशी संपला.

ती तडक घरी आली. टेबलावरचे डबे अजून दगडासारखे होते. तिनं ते पुन्हा तळाला रचायला घेतले.

"मावशी! हे काय? वेड लागलं का?" बोरिश्का दारातच किंचाळली. "तीस माणसांचं तयार आहे!"

"तयार आहे ते माझ्या मयताचं," एतेल्का म्हणाली. "गेलीय ती गिझी. खाटकाकडे जा, पोटरीचं मांस आण, चरबी बघून आण. आणि लोखंडी भांडं गिझीचं काढ, माझं नको."

तिनं गिझीच्याच चुलीवर रांधलं. कांदा चिरता चिरता डोळे वाहिले, त्याचा हिशेब कांद्याच्या नावावर मांडता आला, हे एक बरं झालं. भांडं उतरवलं, मिरची घातली, मांस घातलं, चढवलं. इथवर गिझी आणि ती वेगळ्या नव्हत्याच. तिला आश्चर्य वाटलं की सगळी दुपार, इतका वेळ, इतकं काम, दोघींचं एकच होतं. भांडण नुसतं टोकाशी होतं.

मग तिनं बशी उचलून पिठाचा डबा उघडला. छातीवर क्रूस काढला, पाप करायच्या आधी काढतात तसा.

"किती घालायची ती?" बोरिश्कानं विचारलं.

"इतक्या माणसांना दोन चमचे. शीग लावून." एतेल्काला हे कुणी सांगायची गरज नव्हती. इतकी वर्षं ती कुंपणावरून नाक खुपसून होती. तिनं पीठ भुरभुरलं आणि ढवळलं, आणि आयुष्यात पहिल्यांदा एतेल्का चोर्दाशच्या रश्शात गाठी झाल्या. पांढऱ्या, वाटाण्याएवढ्या. तिनं पाणी आटायच्या आतच पीठ घातलं होतं. वासावरून प्रमाण कळतं, वेळ कळत नाही. ती चमच्याच्या पाठीनं एकेक गाठ भांड्याच्या कडेला चेपत राहिली आणि दातओठ खात पुटपुटत राहिली, "हस, मेले, हस. मजा बघतेयस ना?" आणि मग आपण कुणाला काय म्हणालो ते लक्षात येऊन ती थांबली, पदराएवढ्या एप्रननं तोंड झाकलं आणि मोठ्यानं रडली. बोरिश्कानं तिला बसवलं आणि उरलेल्या गाठी स्वतः चेपल्या.

दफन दुसऱ्या दिवशी दुपारी झालं. जेवण गिझीच्या अंगणात, तुतीच्या सावलीत. आधी जर्दाळूची कडक दारू, मग पाव, उकडलेले बटाटे, उन्हात बरणीत आंबवलेल्या काकड्या, आणि रस्सा. गाव जेवायला बसलं ते एका डोळ्यानं एतेल्काकडे बघतच. सगळ्यांना ठाऊक होतं की आज एतेल्का जिंकणार. मग पहिला चमचा तोंडात गेला, आणि सगळे आधी ताटलीकडे, मग एतेल्काकडे बघायला लागले. पीठ!

एतेल्कानं स्वतःही वाढून घेतलं. नवऱ्याच्या मयताला जे तोंडाला लावलं नव्हतं, ते घेतलं. रस्सा मांसाला धरून होता. मऊ. मिरचीचा गोडवा मागून येणारा. वाईट? वाईट नव्हता. तिनं दुसरा घास घेतला, नीट, खोड काढायच्या तयारीनं. खोड सापडली नाही. चांगला होता, मेला! तिच्या स्वतःच्या रश्शाइतका नाही. पण चांगला होता. आणि हे आता सांगायचं कुणाला? जिला सांगितलं असतं तर ती वर्षभर डोक्यावर बसली असती, ती आज कुंपणापलीकडेही नव्हती.

"मावशी, आणखी आहे का?" टपालवाल्यानं ताटली पुढे केली. मग शाळेची बाई, मग पाद्रीबाबा. लोरांत ताटली पुसत होता, लहानपणी पुसायचा तशी, आणि बोलून गेला, "आई, खरं सांगू? रागावू नकोस. हे तुझ्यापेक्षा—" बायकोनं त्याला टेबलाखालून लाथ घातली, तेव्हा गप्प बसला. पण अख्ख्या टेबलानं ऐकलं होतं, आणि कुणीही नाही म्हणालं नाही.

बोरिश्का पातेलं घेऊन एतेल्काशेजारी आली. दारूनं तिचे गाल लाल झाले होते, आणि मन भरून आलं होतं. "मावशी, मी ठरवलं," ती सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. "तुमच्या वेळी मीच रांधणार ना आता? गिझी मावशी नाहीत. दुसरं आहे कोण? ते थंडगार डबे वितळवून कशाला वाढायचे? तुमच्या वेळीसुद्धा असंच ताजं करीन, दोन चमचे शीग लावून. तुम्ही स्वतःच्या हातानं केलंत, म्हणजे तुम्हाला पटलंच की! एवढं सुंदर झालंय!"

"हो हो, असंच कर!" टेबलावरून आवाज आले. "असंच पाहिजे!"

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. एतेल्का बोरिश्काकडे बघत राहिली. एक वाक्य पुरलं असतं. हे मी गिझीसाठी केलं, माझ्यासाठी नाही. माझ्या रश्शात पीठ घालाल तर खबरदार. सगळ्यांनी ऐकलं असतं, हसले असते, मानलंही असतं. जन्मभर जिची धास्ती घेतली ती गोष्ट एका वाक्यानं टळली असती. पण ते वाक्य बोलायचं होतं ते गिझीच्या अंगणात, गिझीच्या ताटलीसमोर, तिच्यावरची माती ओली असताना. टेबलावर प्रत्येकाच्या तोंडात गिझीचा घास होता, आणि त्या दिवशी तरी गिझी जिंकत होती.

एतेल्कानं चमचा खाली ठेवला नाही.

"पाणी पुरतं आटू दे," ती म्हणाली. "चरबी सुटली, मांस चरचरायला लागलं, की मगच पीठ घाल. घाई केलीस तर गाठी होतात."

बोरिश्कानं मान डोलावली, पातेल्याच्या बुडाशी उरलेला रस्सा एतेल्काच्या ताटलीत ओतला, आणि एतेल्का तो पावानं पुसून जेवली.